आपसात मिटलं, पण कोर्टात संपलं का?

इंदूरच्या वर्तमानपत्रांत दर थोड्या दिवसांनी अशी बातमी असते: दोन्ही पक्षांत समझोता झाल्यामुळे हायकोर्टाच्या इंदूर खंडपीठाने एफआयआर रद्द केला. कधी नवरा-बायकोचं प्रकरण असतं, कधी भागीदारांचा पैशांचा वाद, कधी एकाच कॉलनीतल्या दोन घरांची मारामारी. मग थोड्याच दिवसांत दुसरी बातमी येते, की फिर्यादीने माफ केलं तरी कोर्टाने खटला थांबवायला नकार दिला. वाचणाऱ्याला वाटतं, हे सगळं न्यायाधीशांच्या मर्जीवर चालतं. पण त्यामागे बऱ्यापैकी स्पष्ट नियम आहेत, आणि ते ठाऊक नसल्यामुळे साधी माणसं अडचणीत येतात. लोकमान्यनगर असो, सुदामानगर असो की रामबाग, 'आता आपलं मिटलंय, कोर्टात कशाला जायचं' असं म्हणून पेशीला, म्हणजे कोर्टाच्या तारखेला, जाणंच सोडून देणारे लोक आहेत. पुढे त्यांच्या नावाने वॉरंट निघतं. नाहीतर ठरलेले पैसे येत नाहीत आणि हातात दाखवायला काहीच नसतं.

आपसात मिटणं हे निम्मं काम झालं. उरलेलं निम्मं कोर्टातच करावं लागतं, आणि ते कसं करायचं हे प्रकरण कोणत्या प्रकारचं आहे त्यावर ठरतं. इंदूरच्या कोर्टात तडजोडीच्या कागदाला सर्रास 'राजीनामा' म्हणतात. इथे तोच शब्द त्याच अर्थाने वापरला आहे.

खटला नक्की कोणाचा?

दिवाणी दावा हा दोन माणसांचा असतो. जमीन, भाडं, उधारी, वाटणी. वाद त्यांचा, तो मिटवायचा अधिकारही त्यांचाच. फौजदारी खटला वेगळा. फिर्याद तुम्ही दिली असली तरी एफआयआर झाला, चालान, म्हणजे पोलिसांचं आरोपपत्र, पेश झालं, की खटला 'मध्य प्रदेश शासन विरुद्ध अमुक' असा चालतो. गुन्हा हा एका माणसाविरुद्ध तर असतोच, शिवाय समाजाविरुद्धही असतो, असं कायदा मानतो.

बँकेचा लॉकर उघडायला दोन किल्ल्या लागतात, एक आपली आणि एक बँकेची. फौजदारी खटला बंद करण्याचंही तसंच आहे. राजीनाम्याने फक्त तुमची किल्ली फिरते. म्हणूनच थान्यात, म्हणजे पोलीस ठाण्यात, जाऊन 'आम्हाला तक्रार परत घ्यायची आहे' असं लिहून दिलं, पाचशे रुपयांच्या स्टॅम्पवर नोटरी केली, तरी एफआयआर आपोआप नाहीसा होत नाही. एफआयआर 'परत घेणं' नावाची सोय कायद्यात फिर्यादीला दिलेलीच नाही. हा गैरसमज इतका पसरलेला आहे की अनेक घरं त्या नोटरीच्या कागदावर वर्षभर निर्धास्त बसतात.

दिवाणी दाव्याच्या दोन वाटा, आणि चुकीची वाट

दिवाणी दावा मिटला की तो संपवायच्या मुख्यतः दोन वाटा आहेत. पहिली म्हणजे दावा नुसता मागे घेणं. वादीचा वकील कोर्टाला सांगतो, 'प्रकरण बाहेर मिटलं आहे, दावा चालवायचा नाही.' काय ठरलं, किती पैसे, कधी द्यायचे, हे कोर्टाला सांगायची गरज नाही. अटी गुप्त राहतात म्हणून व्यापाऱ्यांना ही वाट आवडते. पण यात धोका आहे. समोरच्याने शब्द पाळला नाही तर जुना दावा जिवंत होत नाही. पुन्हा दावा लावायची परवानगी कोर्टाकडून आधीच घेतली नसेल, तर त्याच विषयावर नवा दावा लावता येत नाही. मग बाहेर झालेल्या कराराच्या जोरावर वेगळी लढाई शून्यापासून सुरू करावी लागते.

दुसरी वाट दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २३ नियम ३ ची. तडजोड लेखी करायची, दोन्ही पक्षांनी सह्या करायच्या आणि ती कोर्टापुढे ठेवायची. कोर्ट ती कायदेशीर आहे का ते तपासतं आणि तिच्या अटींप्रमाणे हुकूमनामा देतं. आता तुमच्या हातात कोर्टाचा हुकूम आला. समोरच्याने हप्ता चुकवला की नव्याने दावा न लावता थेट अंमलबजावणीचा अर्ज करता येतो, मालमत्ता जप्त करून घेता येते. त्याची मुदतही बारा वर्षांची आहे. अशा हुकूमनाम्याविरुद्ध सहसा अपील नसतं, म्हणून सही करण्याआधी प्रत्येक ओळ वाचायला हवी.

पैसे सगळे हातात पडलेले असतील तर पहिली वाट चालेल. एक रुपयाही यायचा बाकी असेल, ताबा मिळायचा असेल, कागद करून घ्यायचा असेल, तर दुसरीच वाट धरावी. वकीलसाहेब 'काय फरक पडतो' म्हणाले तरी धरावी.

वाड्याची वाटणी

समजा, जुन्या इंदुरातला एक वाडा आहे. काका-पुतण्यांमध्ये पंधरा वर्षं दावा चालला आहे. शेवटी सगळे एकत्र बसले. पुढचा भाग काकांचा, मागचा पुतण्याचा, विहीर आणि बोळ सामाईक, शिवाय काकांनी पुतण्याला काही रक्कम द्यायची. वर हेही ठरलं की दाव्यात नसलेला सुदामानगरचा प्लॉट पुतण्याच्या नावे करायचा. हे सगळं एका राजीनाम्यात लिहिता येतं का? लिहिता येतं. पण प्लॉट दाव्याचा विषय नव्हता, म्हणून त्यापुरती रजिस्ट्री लागेल. जी मालमत्ता दाव्यात होतीच, तिच्याबाबतच्या हुकूमनाम्याला सहसा नोंदणी लागत नाही. इथून जवळच्या धार जिल्ह्यातल्या एका जमिनीच्या प्रकरणात सुप्रीम कोर्टाने डिसेंबर २०२४ मध्ये हे स्पष्ट केलं: हक्क आधीपासूनचा असेल आणि जमीन दाव्याचीच असेल, तर तडजोडीच्या हुकूमनाम्याला नोंदणीही नको आणि विक्रीसारखी स्टॅम्प ड्युटीही नको. वाटणीच्या अंतिम हुकूमनाम्याचं मात्र वेगळं आहे, त्याला वाटणीपत्रासारखा स्टॅम्प लागतो. हे आधी विचारलं नाही की वाटणी होऊन जाते आणि नामांतरण, म्हणजे सरकारी नोंदीत नाव चढवणं, अडकतं.

घरात अज्ञान, म्हणजे अल्पवयीन, मूल हिस्सेदार असेल तर आई-वडिलांची सही पुरेशी नसते. मुलाच्या हिताची तडजोड करायला कोर्टाची वेगळी परवानगी लागते. ती घेतली नसेल तर मुलाच्या बाजूने ती तडजोड पुढे रद्द ठरवून घेता येते. वाड्याच्या भांडणात हीच गोष्ट हटकून विसरली जाते.

फौजदारीत कोणती भांडणं आपल्या हातात?

१ जुलै २०२४ पासून जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी भारतीय नागरिक सुरक्षा संहिता आली. तिच्या कलम ३५९ मध्ये दोन तक्ते आहेत. पहिल्यातल्या गुन्ह्यांत पीडित व्यक्ती स्वतःच राजीनामा करू शकते. साधी दुखापत, वाट अडवणं, मानहानी यांसारखे गुन्हे त्यात आहेत. दुसऱ्या तक्त्यातल्या गुन्ह्यांना कोर्टाची परवानगी लागते. गंभीर दुखापत आणि फसवणुकीने मालमत्ता लाटणं त्यात येतं. कोणता गुन्हा कोण मिटवू शकतं, हेही तक्त्यात लिहिलेलं असतं. मार ज्याला बसला त्यानेच, त्याच्या मोठ्या भावाने नाही.

राजीनामा मंजूर झाला की आरोपी निर्दोष सुटतो. 'राजीनामा केला म्हणजे गुन्हा कबूल केला' असं समजून कित्येक तरुण मुलं नोकरीच्या भीतीने राजीनाम्याला तयार होत नाहीत. कायद्याच्या दृष्टीने याचा परिणाम निर्दोष सुटण्याचाच असतो. नोकरीच्या फॉर्ममध्ये मात्र गुन्हा दाखल झाला होता का असं विचारलं असेल, तर खरं लिहावं. लपवलं तर त्यावरूनच नोकरी जाऊ शकते.

तक्त्यांत नसलेल्या गुन्ह्यांचं काय?

नवऱ्याने किंवा सासरच्यांनी केलेला छळ, म्हणजे जुनं ४९८-अ, मध्य प्रदेशात या तक्त्यांत नाही. खुनाचा प्रयत्नही नाही. अशा खटल्यात खालचं कोर्ट राजीनामा मान्यच करू शकत नाही, मग दोन्ही घरं कितीही राजी असोत. इथे वाट हायकोर्टाची. नव्या संहितेच्या कलम ५२८ खाली, म्हणजे जुन्या ४८२ खाली, हायकोर्टाला खटला रद्द करण्याचा खास अधिकार आहे. तो कधी वापरायचा हे सुप्रीम कोर्टाने २०१२ च्या ग्यानसिंग विरुद्ध पंजाब या निकालात सांगितलं. मूळ वाद घरगुती, व्यापारी किंवा पैशांचा असेल, आणि खटला चालवून काहीच साधणार नसेल, तर रद्द करता येतो. खून, बलात्कार, दरोडा यांत करता येत नाही.

आपल्याच राज्यातून गेलेल्या लक्ष्मीनारायण प्रकरणात २०१९ मध्ये कोर्टाने याला आणखी धार दिली. खुनाच्या प्रयत्नासारखा गुन्हा नुसत्या समझोत्यावर रद्द होणार नाही. जखम कुठे झाली, हत्यार कोणतं होतं, आरोपी फरार होता का, त्याच्यावर आधीचे गुन्हे आहेत का, समझोता कसा घडवला गेला, हे हायकोर्टाने बघायचं. दोन बातम्या उलट का दिसतात याचं उत्तर इथे आहे. कलम एकच असतं, आतली हकीकत वेगळी असते.

हायकोर्टात हे प्रत्यक्षात कसं होतं, तेही जाणून घ्यावं. अर्ज आला की बहुतेक वेळा दोन्ही पक्षांना रजिस्ट्रारसमोर हजर व्हायला सांगतात. आधार कार्ड बघतात, वकील ओळख पटवतात, आणि प्रत्येकाला वेगवेगळं विचारतात, की हा राजीनामा कोणत्याही भीती, दबाव किंवा लालचेशिवाय केला आहे का. जबाब लिहून घेतात, सही घेतात, तो अहवाल न्यायाधीशांपुढे जातो. दबावाखाली आलेल्या माणसाला खरं बोलण्याची ही जागा असते. तिथे 'हो' म्हणून नंतर घरी रडण्यात अर्थ नाही.

नवरा-बायकोच्या प्रकरणात सहसा एकाच वेळी तीन गोष्टी चालू असतात: घटस्फोट, पोटगी आणि छळाचा खटला. त्यामुळे पैशांचे टप्पे करतात. काही रक्कम संमतीच्या घटस्फोटाच्या पहिल्या अर्जाला, काही दुसऱ्याला, उरलेली एफआयआर रद्द होताना. या दोन अर्जांमध्ये साधारण सहा महिन्यांचं अंतर असतं, पण २०१७ पासून योग्य प्रकरणात कोर्ट ते माफ करू शकतं. घटस्फोटाचा हुकूम होईपर्यंत दोघांपैकी कोणीही संमती काढून घेऊ शकतं. आणि आईने स्वतःची पोटगी सोडली तरी मुलाची पोटगी तिला सोडता येत नाही, तो हक्क मुलाचा आहे. मुलाच्या नावाने वेगळी ठेव करून ठेवणं हा सगळ्यात स्वच्छ मार्ग.

जिथे समझोत्याचं नावही काढू नये

जुलै २०२० मध्ये इंदूर खंडपीठाच्या एका जामीन आदेशात अशी अट होती की विनयभंगाच्या आरोपीने रक्षाबंधनाला फिर्यादी बाईंच्या घरी जाऊन राखी बांधून घ्यावी. १८ मार्च २०२१ रोजी सुप्रीम कोर्टाने ती अट रद्द केली, आणि सगळ्या कोर्टांना सांगितलं की लैंगिक गुन्ह्यांत लग्न, मध्यस्थी, माफी असा कोणताही समझोता सुचवूही नये. नोव्हेंबर २०२४ मध्ये राजस्थानातल्या एका शिक्षकाविरुद्धचा पॉक्सोचा, म्हणजे मुलांवरच्या लैंगिक अत्याचाराच्या कायद्याखालचा, खटला सुप्रीम कोर्टाने पुन्हा उभा केला. मुलीच्या वडिलांनी समझोता केला म्हणून तो रद्द झाला होता.

हे इथे ठासून लिहायचं कारण असं, की आपल्या समाजात 'मुलीची बदनामी नको' म्हणून अजूनही बैठका बसतात. वडीलधारे मध्ये पडतात, आरोपीच्या घरून हातापाया पडायला येतात. तो समझोता पीडितेचा नसतो, तिच्याभोवतीच्या मोठ्यांचा असतो. तिच्या अपमानाचा हिशोब तिच्याऐवजी इतरांनी मिटवायचा, हे कोणत्याही सभ्य घरात चालता कामा नये.

याच ठिकाणी एक फार वाईट सल्ला दिला जातो: 'बाहेर पैसे घ्या आणि कोर्टात जबाब फिरवा.' शपथेवर खोटं बोलणं हा स्वतंत्र गुन्हा आहे. आरोपी सुटतो, आणि जबाब फिरवणारा अडकू शकतो.

चेक बाउन्स: उशीर केला तर महाग

जिल्हा कोर्टात सगळ्यात जास्त राजीनामे ज्यांत होतात, त्यांत चेक बाउन्सचे खटले येतात. इथे कायद्याने राजीनाम्याला पूर्ण मोकळीक दिली आहे, कारण मूळ प्रश्न पैशांचाच आहे. फक्त उशीर करणाऱ्याला दंड आहे. सुप्रीम कोर्टाने सप्टेंबर २०२५ मध्ये ठरवलेल्या दरांप्रमाणे, आरोपीचा बचावाचा पुरावा सुरू होण्याआधी चेकची रक्कम दिली तर जादा काही न घेता राजीनामा मान्य होऊ शकतो. त्यानंतर पण निकालाआधी दिली तर चेकच्या रकमेच्या ५ टक्के जास्त. सेशन किंवा हायकोर्टात ७.५ टक्के आणि सुप्रीम कोर्टात १० टक्के. २०१० च्या निकालात हे दर याहून चढे होते. देणं खरं असेल तर ते आधीच द्या, एवढाच त्याचा अर्थ.

'मग पैसेवाले सुटणारच की!'

हा आक्षेप खरा आहे आणि तो झटकून टाकता येणार नाही. मारणारा श्रीमंत आणि मार खाणारा त्याच्याच दुकानातला नोकर असेल, तर त्या राजीनाम्यातल्या 'स्वखुशी'वर किती विश्वास ठेवायचा? कायद्याचं उत्तर असं, की गंभीर गुन्ह्यांत तुमची किल्ली पुरेशीच नाही, शासनाचं म्हणणं ऐकलं जातं, आरोपीचा इतिहास पाहिला जातो. माझ्या मते एवढ्याने भागत नाही. जिथे दोन पक्ष बरोबरीचे नाहीत तिथे चौकशी जास्त खोल व्हायला हवी, आणि दुबळ्या बाजूला स्वतःचा वकील मिळायला हवा. तो मिळू शकतो. स्त्रिया, मुलं, अनुसूचित जाती-जमातींचे लोक, अपंग, अटकेतली माणसं यांना उत्पन्न कितीही असलं तरी मोफत वकील मिळतो. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जावं किंवा १५१०० या क्रमांकावर फोन करावा.

पण तडजोडच नको म्हणणाऱ्यांनी दुसरी बाजूही पाहावी. शेजाऱ्यांच्या भांडणात दहा वर्षं पेशीला जाणारा मजूर प्रत्येक पेशीला एक रोजी गमावतो. त्याच्यासाठी राजीनामा ही सुटका असते.

सही फसवून घेतली असेल तर?

तडजोडीचा दिवाणी हुकूमनामा फसवणुकीने झाला असेल तर वेगळा दावा लावता येत नाही. ज्या कोर्टाने हुकूमनामा दिला त्याच कोर्टात अर्ज करायचा, आणि लवकर करायचा. वर्षानुवर्षं गप्प राहिलेल्या माणसावर विश्वास ठेवणं कोर्टालाही जड जातं.

लोक अदालत आणि हुकुमचंद मिल

राष्ट्रीय लोक अदालत साधारण वर्षातून चारदा भरते. इंदुरात त्या दिवशी मालमत्ता कर, पाणीपट्टी आणि वीजबिलाच्या अधिभारात सूट मिळते म्हणून गर्दी लोटते. मोटार अपघाताचे दावे, चेक, घरगुती वादही तिथे मिटतात. तिथला निवाडा दिवाणी हुकूमनाम्यासारखाच असतो, त्यावर अपील नाही, आणि भरलेली कोर्ट फी परत मिळते. खाजगीत मिटवून कोर्टाला कळवलं तरी फी परत मिळायला हवी, असं सुप्रीम कोर्टाने २०२१ मध्ये तामिळनाडूच्या एका प्रकरणात म्हटलं आहे. अर्ज तरी नक्की करून ठेवावा. लोक अदालतीत जमलं नाही, तर प्रकरण परत आपल्या कोर्टात जातं. तिथे 'नाही' म्हणण्यात काहीच तोटा नाही, म्हणून घाईने मान डोलवू नये.

तडजोडीने काय साधू शकतं याचं इंदुरातलं सगळ्यात मोठं उदाहरण हुकुमचंद मिलचं. मिल नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला बंद पडली, पुढे दिवाळखोरीत निघाली, आणि कामगार आपल्या देण्यांसाठी तीस वर्षं कोर्टात लढले. शेवटी शासन, कामगार संघटना आणि बाकीचे धनको यांच्यात तोडगा निघाला आणि कोर्टाने त्यावर शिक्कामोर्तब केलं. २५ डिसेंबर २०२३ रोजी सुमारे २२४ कोटींचा धनादेश दिला गेला, सुमारे ४,८०० कामगारांच्या देण्यांपोटी. तो धनादेश कोर्टाच्या देखरेखीखालच्या लिक्विडेटरकडे (बंद कंपनीची देणी-घेणी निपटणारा अधिकारी) आणि संघटनांकडे गेला. त्यामुळे कोणाचं किती, हे भांडण पुन्हा रस्त्यावर आलं नाही. पण तोवर कित्येक कामगार राहिले नव्हते. त्यांच्या वारसांना कागद घेऊन उभं राहावं लागलं. हाच तोडगा वीस वर्षं आधी निघाला असता तर ते पैसे त्यांच्या स्वतःच्या हातात पडले असते.

आदेश झाल्यावरची कामं

कोर्टाचा आदेश झाला की त्याची नक्कल काढा, म्हणजे कोर्टाचा शिक्का असलेली प्रमाणित प्रत. एक थान्यात द्या आणि पोच घ्या, कारण जुनं वॉरंट थान्याच्या रजिस्टरमध्ये पडून राहिलं तर पुढे पासपोर्टच्या चौकशीत तेच वर येतं. राजीनाम्यात दोन्ही बाजूंच्या सगळ्या केसेसचे नंबर लिहिले होते ना, ते एकदा पडताळून पाहा. उलट फिर्याद अनेकदा वेगळ्या कोर्टात चालू राहते आणि तिची पेशी कोणाच्या लक्षातच राहत नाही. आणि जमानतदाराला विसरू नका. तुमच्यासाठी त्याने आपली ऋणपुस्तिका, म्हणजे जमिनीच्या हक्काची सरकारी पुस्तिका, कोर्टात दिली असेल, तर तिच्यावरची जमानतीची नोंद रद्द करून घेण्याचा अर्ज त्याच दिवशी द्या. ती नोंद तशीच राहिली तर त्याला कर्जाच्या किंवा जमिनीच्या कामात अडचण येते, आणि त्याने तर फक्त तुमच्यासाठी सही केलेली असते.